पाठवलं, पोचलं, ऐकलं

गेल्या शनिवारी सकाळी शेजारचे काका हातात प्लॅस्टिकची पिशवी घेऊन आमच्याकडे आले. पिशवीत बँकेचं पासबुक, परत आलेला एक चेक आणि बँकेने दिलेलं पत्र. काकांचं पत्रे-खिळे-रंगाचं दुकान आहे, तीसेक वर्षांचं. माल देणाऱ्याला दिलेला चेक परत आला म्हणून बँकेत गेले तर खातं गोठवलेलं. का? कराची थकबाकी. किती? चार लाख अडुसष्ट हजार. कशाची? ते काउंटरवर कोणालाच सांगता येईना.

"तू कॉम्प्युटरवाला ना, बघ जरा काय ते."

बघितलं. लॉगिन करण्यातच पाऊण तास गेला, कारण ओटीपी जायचा तो नंबर काकांचा नव्हताच. काही वर्षांपूर्वी ज्या कन्सल्टंटकडून नोंदणी करून घेतली त्याच्या ऑफिसातल्या मुलाचा नंबर आणि त्याचाच मेल आयडी. तो मुलगा आता पुण्यात दुसरी नोकरी करतो. त्याला फोन करून ओटीपी मागितला आणि आत गेलो. आत सगळं व्यवस्थित होतं हो! नोटीस, स्मरणपत्र, सुनावणीची तारीख आणि शेवटी आदेश. आदेशात एक वाक्य होतं, की पुरेशी संधी देऊनही करदात्याने आपलं म्हणणं मांडलं नाही.

काका स्क्रीनकडे बघत राहिले. मग म्हणाले, "अरे, पण मला कोणी विचारलंनच नाही!"

कागदावर बघाल तर काकांना तीन वेळा विचारलं होतं. आणि काकांच्या बाजूने बघाल तर एकदाही नाही. दोन्ही खरं आहे. आठवडाभर माझ्या डोक्यात तेच फिरत होतं, म्हणून आजचा हा लेख करखात्याच्या नोटिसा, त्यांना कोर्टात दिलं जाणारं आव्हान आणि 'आपलं ऐकून घेतलं जाण्याचा हक्क' यावर. विषय कोरडा वाटेल, पण थोडं थांबा. तुमचा टीडीएस कापला जातो म्हणून तुम्ही यातून सुटलात असं नाही.

आधी माझी स्वतःची कबुली. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी मी एका प्रोजेक्टमधे ग्राहकांना सूचना पाठवायचा मॉड्यूल लिहिला. टेबलमधे एक रकाना होता, 'पाठवलं : हो / नाही'. आमच्याकडून मेल सुटला की त्यात 'हो'. एकदा एका ग्राहकाने तक्रार केली की मला काही कळवलंच नाही. मी ऐटीत लॉग काढून दाखवला, हे बघा, 'हो' आहे. तिकीट बंद. आमची लीड शांतपणे म्हणाली, "तू पाठवलंस हे सिद्ध केलंस. त्याला मिळालं का?" मेल त्याच्या जुन्या, बंद पडलेल्या पत्त्यावर जाऊन परत आला होता, आणि परत आलेले मेल वाचायचा कोड मी लिहिलाच नव्हता. चूक शंभर टक्के माझी. पण ते तिकीट बंद करताना मला वाटलेलं समाधान आठवलं की अजून लाज वाटते. काकांच्या आदेशातलं ते वाक्य वाचताना मला तोच रकाना दिसला.

कायद्यात याला 'नैसर्गिक न्यायाची तत्त्वं' असं भारदस्त नाव आहे. साध्या मराठीत तीन गोष्टी. एक, माझ्यावर आक्षेप काय आहे ते मला कळेल असं सांगा. दोन, तुमच्याकडे माझ्याविरुद्ध जे काही आहे ते मला दाखवा. तीन, माझं ऐका, आणि निर्णय देताना माझं म्हणणं का पटलं नाही ते लिहा. बस्स. न ऐकता शिक्षा म्हणजे काय याचं स्मारकच आमच्या रत्नागिरीत आहे. ब्रह्मदेशच्या थिबा राजाला इंग्रजांनी १८८५ मधे गादीवरून काढलं आणि कुठलाही खटला न चालवता १८८६ मधे इथे आणून ठेवलं. १९१६ मधे तो इथेच गेला. आपण पाहुण्यांना घेऊन थिबा पॅलेस बघायला जातो, फोटो काढतो, पण या माणसाला कुठल्या कोर्टाने, काय ऐकून इथे पाठवलं, हा प्रश्न कोणी विचारत नाही. उत्तर आहे : कुठल्याच नाही.

सारा आणि कर या बाबतीत इंग्रज तर फारच सावध. १८७६ मधे मुंबई इलाख्यासाठी त्यांनी एक कायदा करून जमीन महसुलाच्या बहुतेक वादांतून दिवाणी कोर्टांना बाहेरच ठेवलं. म्हणजे मामलेदाराने सारा चुकीचा लावला तर दाद मागायची ती त्याच्याच वरच्या साहेबाकडे! १९३५ च्या भारत सरकार कायद्यात तर कलमच होतं, की महसुलाच्या बाबतीत उच्च न्यायालयाने मूळ दावा ऐकायचा नाही. त्या कलमाचा नंबर होता २२६. आता गंमत बघा. १९५० मधे राज्यघटना आली, तिने ही बंदी उठवली आणि सरकारविरुद्ध थेट उच्च न्यायालयात जायचा हक्क दिला. तो ज्या अनुच्छेदात दिला त्याचाही नंबर २२६! आज कोणी करनोटिशीविरुद्ध 'रिट टाकतो' म्हणतो तेव्हा तो याच २२६ खाली टाकतो. पंधरा वर्षांत एकाच नंबराखाली कुलूप होतं तिथे किल्ली आली. (हा योगायोगच असणार. पण मला असले योगायोग आवडतात.)

त्यानंतर कोर्टांनी हळूहळू पायऱ्या बांधल्या. १९५४ मधे ढाकेश्वरी कॉटन मिल्सच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की कर आकारताना अंदाज करावा लागतो हे मान्य, पण निव्वळ अंदाजावर आकारणी होत नाही, आणि खात्याने वापरलेली माहिती करदात्याला दाखवून त्यावर बोलायची संधी द्यायला हवी. १९६० मधे कलकत्ता डिस्काउंट कंपनीच्या प्रकरणात सांगितलं की अधिकारच नसताना नोटीस काढली असेल तर करदात्याने शेवटपर्यंत थांबायची गरज नाही, उच्च न्यायालय ती सुरुवातीलाच रोखू शकतं. २००२ मधे जीकेएन ड्राइव्हशाफ्ट्सच्या प्रकरणात सांगितलं की जुनं वर्ष पुन्हा उघडायची नोटीस आली तर करदात्याने आधी विवरणपत्र भरावं आणि कारणं मागावीत, अधिकाऱ्याने ती द्यावीत, आणि करदात्याच्या आक्षेपांवर कारणांसह आदेश काढून मगच पुढे जावं.

हे पुढे कायद्यातच आलं. १ एप्रिल २०२१ पासून आयकर कायद्यात १४८अ हे कलम घातलं. जुनं वर्ष उघडायच्या आधीच करदात्याला विचारायचं, उत्तराला किमान सात दिवस द्यायचे. (इथले आयकराचे कलम क्रमांक १९६१ च्या कायद्यातले आहेत. २०२५ च्या नव्या आयकर कायद्यात ते बदललेत.) आणि मग काय झालं? त्याच एप्रिल ते जून २०२१ मधे देशभर सुमारे ९० हजार नोटिसा जुन्याच पद्धतीने गेल्या, आधी न विचारता. ९ हजारांवर रिट याचिका दाखल झाल्या. शेवटी ४ मे २०२२ ला सर्वोच्च न्यायालयाने आशिष अगरवाल प्रकरणात मधला रस्ता काढला, की या नोटिसा रद्द न करता नव्या कायद्याखालच्या 'आधी विचारणाऱ्या' नोटिसा समजा, त्यांची माहिती करदात्यांना द्या आणि पुढे चाला. आमच्या भाषेत सांगायचं तर प्रॉडक्शनमधे ९० हजार चुकीचे रेकॉर्ड गेले आणि कोर्टाने एकच अपडेट क्वेरी चालवली.

आता 'फेसलेस'कडे येऊ. १३ ऑगस्ट २०२० ला आयकराची चेहराविरहित आकारणी सुरू झाली. तुमची फाइल कोण बघतोय हे तुम्हाला माहीत नाही, तुम्ही कोण हे त्याला प्रत्यक्ष दिसत नाही, सगळा व्यवहार पोर्टलवरून. इंजिनिअर म्हणून मला ही कल्पना मनापासून आवडते. काकांच्या पिढीला कुठल्या कुठल्या ऑफिसच्या बाकावर दिवस दिवस बसावं लागलंय, आणि एप्रिल-मे महिन्यात आंब्याची पेटी कुठे कुठे 'सहज म्हणून' पोचवावी लागलीय, हे आम्हा रत्नागिरीकरांना वेगळं सांगायला नको. ते बंद होत असेल तर कोणाला नको आहे?

पण चेहरा काढताना कानही निघाले तर?

सुरुवातीला या योजनेत तोंडी सुनावणी मागितली तरी ती द्यायची की नाही हे खात्याच्या मंजुरीवर होतं. लोक कोर्टात गेले आणि उच्च न्यायालयांनी बरेच आदेश रद्द केले. २०२२ च्या वित्त कायद्याने मग दोन गोष्टी केल्या. एक चांगली : करदात्याने मागितली तर व्हिडिओवरून सुनावणी द्यायलाच हवी असं केलं. दुसरी मात्र मला झोंबते. आधी कलम १४४ब मधे एक पोटकलम होतं, की ही कार्यपद्धती पाळली नाही तर आकारणी झालीच नाही असं समजावं. ते पोटकलमच काढून टाकलं, तेही १ एप्रिल २०२१ पासून, म्हणजे मागच्या तारखेने. मित्रांनो, टेस्ट फेल होत होती म्हणून आपण टेस्टच डिलीट केली, आणि तीही जुन्या तारखेच्या कमिटने! कुठल्याही टीममधे हे केलं तर रिव्ह्यूमधे काय ऐकून घ्यावं लागेल? :)

जीएसटीकडे वळलं तर तिथली गोष्ट आणखी आपल्या धंद्यातली आहे. जीएसटी कायद्याचं कलम ७५(४) सांगतं की करदात्याने लेखी मागितली, किंवा त्याच्याविरुद्ध निर्णय होणार असेल, तर सुनावणी द्यावी. 'किंवा' आहे, 'आणि' नाही. पण उत्तर द्यायच्या ऑनलाइन फॉर्ममधे एक पर्याय असतो, प्रत्यक्ष सुनावणी हवी का, हो की नाही. घाईत लोक 'नाही'वर टिक करतात. मग विरोधात आदेश निघतो, आणि सुनावणी का दिली नाही म्हटलं की उत्तर तयार, तुम्हीच नको म्हणालात. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०२२ मधे भारत मिंट प्रकरणात स्पष्ट केलं की विरोधात निर्णय द्यायचा असेल तर करदात्याने मागितली नसली तरी सुनावणी द्यावीच लागते. दोन अटींमधला 'ऑर' कोणीतरी 'अँड' वाचला की असं होतं. आपल्यापैकी प्रत्येकाने ही चूक कधी ना कधी केलीय, फक्त आपल्या चुकीने कोणाचं बँक खातं गोठत नाही.

दुसरं उदाहरण मेन्यूचं. पोर्टलवर नोटिसा बघायची एक जागा होती आणि 'अतिरिक्त नोटिसा व आदेश' अशी दुसरी जागा. लोक पहिलीकडे बघत बसले आणि नोटीस दुसरीकडे पडून राहिली. मद्रास आणि दिल्ली उच्च न्यायालयांनी असल्या बऱ्याच प्रकरणांत एकतर्फी आदेश बाजूला सारून पुन्हा ऐका म्हणून सांगितलं, आणि पुढे पोर्टलची रचनाही बदलली. वेब पेजवर टॅब कुठे असावा यावर दोन उच्च न्यायालयांचा वेळ गेला. यूआय डिझाइनचं महत्त्व मॅनेजरला पटवायचं असेल तर यापेक्षा चांगलं उदाहरण मिळणार नाही.

आणि तिसरं, सगळ्यात ताजं, आपल्या मुंबई उच्च न्यायालयातलं. केएमजी वायर्स नावाच्या कंपनीने ३.०९ कोटींचं उत्पन्न दाखवलं होतं. फेसलेस आकारणीत ते २७.९१ कोटी ठरलं. आदेशात आधारासाठी तीन न्यायनिवाडे दिले होते. कंपनीने शोधले तर ते निवाडे अस्तित्वातच नव्हते! शिवाय माल पुरवणाऱ्याने पाठवलेलं उत्तर विचारात घेतलेलं नव्हतं आणि एका मोठ्या रकमेचा हिशेब कंपनीला आधी दाखवलेला नव्हता. ६ ऑक्टोबर २०२५ ला न्यायालयाने हा आदेश रद्द करून प्रकरण पुन्हा नव्याने ऐकायला पाठवलं, आणि बजावलं की एआयच्या काळात यंत्राने दिलेल्या उत्तरांवर डोळे मिटून विसंबू नका, निमन्यायिक काम करताना ती तपासून मगच वापरा.

आपण सगळे रोज एआयकडून कोड लिहून घेतो, त्यामुळे हसायचा अधिकार आपल्याला नाही. पण त्या आदेशाकडे नीट बघा. खोटे निवाडे ही बातमी झाली, खरी गोष्ट दुसरी आहे. ज्याचं उत्तर फाइलमधे होतं ते वाचलं गेलं नाही, आणि जे नव्हतंच ते मात्र वापरलं गेलं. ऐकण्याचं काम कोणी केलंच नाही, तर ती जागा काहीही भरून काढतं.

तुम्ही म्हणाल, मग कोर्ट आहे की! आहे, आणि त्याबद्दल मी मनापासून कृतज्ञ आहे. पण हिशेब करू. एक तर कोर्ट प्रत्येकाला आत घेत नाही, आणि ते बरोबरच आहे. अपिलाचा रस्ता असताना थेट रिट टाकू नका, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मधे छबिलदास अगरवाल प्रकरणात बजावलंय. नोटिशीला उत्तरच द्यायचं नाही, तारखांवर तारखा मागायच्या आणि शेवटी 'माझं ऐकलं नाही' म्हणून ओरडायचं, अशी मंडळीही कमी नाहीत. अधिकाऱ्यावरही मुदतीचं ओझं असतं, ३१ मार्च उलटला की त्याचं प्रकरण मेलं. हे सगळं खरं.

पण दुसरी बाजू बघा. कोर्टात जिंकलात तरी मिळतं काय? बहुतेक वेळा 'पुन्हा ऐका'. म्हणजे जे पहिल्याच दिवशी फुकट मिळायला हवं होतं ते वकिलाची फी भरून, वर्ष घालवून मिळतं. आमच्या काकांसारख्याला मुंबई साडेतीनशेच्या आसपास किलोमीटर. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं, रत्नागिरी-सिंधुदुर्गसह सहा जिल्ह्यांसाठी, ही फार मोठी गोष्ट झाली. आंबा घाट चढला की कोल्हापूर, सकाळी निघून रात्री घरी. पण चार लाखांच्या वादासाठी घाट चढायचा की नाही याचा हिशेब तरीही करावाच लागतो. आणि जो चढत नाही त्याच्यावर अन्याय झाला नाही असं नाही, तो फक्त मोजला जात नाही.

म्हणून माझं म्हणणं एवढंच आहे. ऐकून घेण्याचा हक्क कोर्टात भांडून मिळवायची चीज राहू नये, तो सिस्टिममधेच बांधलेला असावा. आणि हे करता येतं, मी रोज तेच काम करतो म्हणून सांगतो. 'पाठवलं' याबरोबर 'उघडलं' हा रकाना ठेवा. ठरावीक दिवसांत उघडलं नाही तर नोटीस आपोआप पोस्टाने जाऊ दे. जीएसटी कायद्याच्या कलम १६९ मधे पोस्टाचा रस्ता दिलेलाच आहे. विरोधात आदेश काढताना सुनावणीची नोंद नसेल तर 'सबमिट' बटण चालूच होऊ नये. करदात्याच्या उत्तरातल्या प्रत्येक मुद्द्यासमोर अधिकाऱ्याचं मत लिहायची चौकट असू दे, रिकामी सोडली तर पुढे जाता येणार नाही. यातलं एकही काम अवघड नाही. ओटीपीशिवाय आपल्याला विवरणपत्र भरू न देणारी सिस्टिम हे सहज करू शकते. आपल्यावरच्या सगळ्या अटी लाल अक्षरात अनिवार्य आणि त्यांच्यावरच्या ऐच्छिक, एवढाच काय तो प्रश्न आहे.

तोपर्यंत आपण काय करायचं? पगारदार मंडळींनो, तुम्हीसुद्धा. विवरणपत्रातला आकडा खात्याच्या माहितीशी जुळला नाही तर दुरुस्ती करायच्या आधी तुम्हाला कळवावं लागतं आणि उत्तराला ३० दिवस मिळतात. पण ते कळवणं येतं मेलवर, जो तुम्ही प्रमोशन्समधे ढकललेला असतो. तर आज रविवार आहे, दहा मिनिटं काढा. पोर्टलवर मोबाइल आणि मेल स्वतःचाच आहे ना बघा. आईबाबांचाही बघा, तिथे हमखास कोणा एजंटचा नंबर निघेल. आयकराची नोटीस आली तर तिच्यावरचा डिन क्रमांक पोर्टलवर तपासा. उत्तर द्याच, एका ओळीचं का होईना, आणि त्यात लेखी मागा : तुमच्याकडची माहिती द्या, मला सुनावणी द्या. मागितल्याचा कागद असला की पुढे सगळं सोपं जातं.

काकांचं सांगायचं राहिलं. अपिलाची मुदत संपायला अकरा दिवस उरले होते. मंगळवारी एका सीएंनी कागद केले, वादातल्या रकमेचा ठरलेला हिस्सा आगाऊ भरला, शुक्रवारी अपील दाखल झालं. निकाल काय लागेल माहीत नाही. काकांची बिलं त्या वर्षी खरंच चुकली असतील, कोण जाणे. ते स्वतःच म्हणाले, "चुकलं असेल तर भरीन रे. पण माझं एकदा ऐकून तर घ्या."

मोबाइल नंबर आम्ही बदललाय. आता पोर्टलवर काकांचा स्वतःचा आहे. ओटीपी आला तेव्हा चष्मा लावून, एकेक आकडा मोठ्याने वाचत त्यांनीच टाकला.